विंडोज ७ वर भाच्याचा प्रोग्राम चालवला, त्याची गोष्ट

देवगडला आमच्या आंब्याच्या शेडमधला कॉम्प्युटर अजून विंडोज ७ चा. बदलत नाही, कारण पेटीवरची लेबलं छापणाऱ्या प्रिंटरचा ड्रायव्हर पुढच्या विंडोजवर चालतच नाही. यंदा भाच्याने पेट्यांचा हिशोब ठेवायला पायथन ३.११ या प्रोग्रामिंग भाषेत छोटा प्रोग्राम करून दिला. डबल क्लिक केलं, तर 'एपीआय-एमएस-विन-कोअर-पाथ' अशा लांबलचक नावाची डीएलएल (प्रोग्रामला लागणारी मदतनीस फाइल) सापडत नाही म्हणे!

ती एकटी फाइल कुठल्या तरी साइटवरून उतरवायच्या भानगडीत पडू नका. मी पडलो, अर्धा दिवस गेला. खरी गोम अशी, की विंडोज ७ वर चालणारं शेवटचं पायथन ३.८. त्यापुढच्याला लागणारी काही फंक्शन्स विंडोज ८ मध्ये आली.

शेवटी व्हीएक्सकेक्स नावाचं सॉफ्टवेअर टाकलं. हौशी मंडळींचं काम, फुकट. विंडोजच्या मूळ फाइलींना ते हात लावत नाही. आपण सांगू त्या प्रोग्रामलाच नसलेली फंक्शन्स स्वतःच्या डीएलएलमधून पुरवतं. विंडोज ७ चा सर्व्हिस पॅक १ (मोठा अपडेट-संच) मात्र आधी हवा. मग प्रोग्रामच्या एक्झी फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, व्हीएक्सकेक्सचा टॅब, चालू करायच्या चौकटीत टिक. प्रोग्रामची खिडकी उघडली!

जानेवारी २०२० पासून विंडोज ७ ची नेहमीची सुरक्षा अपडेट्स बंद आहेत, म्हणून नेटची वायर काढूनच ठेवलीय. हिशोब पेनड्राइव्हवर.

भावोजी डोकावले, "तो खटारो अजून चालता?"

चालता.