फॉस्टॅकचं सर्टिफिकेट काढताय? या चुका टाळा

फूड लायसन्स आणि फॉस्टॅकचं, म्हणजे सरकारच्या अन्नसुरक्षा ट्रेनिंगचं, सर्टिफिकेट एकच, असं समजून येणारे अजून भेटतात. लायसन्स धंद्याचं असतं, सर्टिफिकेट ट्रेनिंग घेतलेल्या माणसाचं. दर 25 कामगारांमागे असा एक सुपरवायझर लागतो. तो नोकरी सोडून गेला की काउंटरमागची फ्रेम नुसती शोभेची. सर्टिफिकेटची मुदत 2 वर्षांची, तारीख बघा.

आता माझा राग. "परीक्षेची उत्तरं मिळतील का हो आधी?" असं विचारणारे.

असाच उत्तरं पाठ करून आलेला एक पोरगा आमच्या किचनला होता. 5 ते 60 डिग्री हा जंतू वाढायचा धोक्याचा पट्टा, झोपेतून उठवलं तरी सांगायचा. एका रात्री त्याने मटकीच्या उसळीचा वीस लिटरचा टोप झाकण घट्ट लावून तसाच फ्रिजमध्ये सरकवला. सकाळी टोपाला हात लावला तर बाहेरून गारेगार, मधोमध प्रोब (अन्नात खुपसायचा थर्मामीटर) घातला तर 31! चार्टवर मात्र सहीनिशी आकडा 4. कुठून आणलास म्हटलं, तर फ्रिजच्या दारावर दिसत होता.

वर आचारी म्हणतो, "उकळून घेऊ ना परत." काही जंतूंचं विष उकळून जात नाही बाबा, शिळ्या भातातला बॅसिलस सिरियस त्यातलाच. टोप ओतून टाकला. बाहेर मिसळीला गिऱ्हाईक उभं आणि आम्ही "आज मिसळ नाही"ची पाटी लावतोय.

शिजवलेलं गार करायचा नियम असा: 60 वरून 21 वर 2 तासांत, तिथून 5 वर पुढच्या 4 तासांत. मी टोप कधीच फ्रिजमध्ये ठेवत नाही. परातींमध्ये तीन बोटं उंचीपर्यंत ओततो, खाली सिंकमध्ये बर्फाचं पाणी, आणि हलवत राहतो. कंटाळवाणं आहे, मान्य. डब्यावर वेळ लिहिलेली पट्टी चिकटवल्याशिवाय घरी जात नाही.

प्रोबही दर सोमवारी बर्फाचा चुरा भरलेल्या पाण्यात बुडवून बघतो. शून्य दाखवलं नाही तर त्याच्यावर भरवसा नाही.

हातमोजे घालून चिकन, मग मोबाइल, मग कोथिंबीर. यापेक्षा साबणाने धुतलेले उघडे हात बरे.

कामगारांची वैद्यकीय तपासणी दरवर्षी, आणि खरोखरची. ओळखीच्या डॉक्टरांकडून दहा कोऱ्या फॉर्मवर शिक्के मारून आणणाऱ्यांशी मी बोलत नाही.

वडापाव वर्तमानपत्रात बांधणं तर बंदच करा, शाई पोटात जाते.