पिस्तुलाच्या साइट बदलणं: आधी मोजमाप, मग हातोडी

साइट म्हणजे पिस्तुलावरची नेम धरायची खूण; ती बदलण्याचं प्रत्यक्ष काम अर्ध्या तासाचं. बिघडतं ते त्याआधीच: उंची न मोजता आणलेली माशी (पुढची साइट), नजरेतून सुटलेला सेट स्क्रू (साइट जागेवर दाबून धरणारा बारीक स्क्रू), स्लाइड (पिस्तुलाचा मागे-पुढे सरकणारा वरचा भाग) कुठे पकडायची याचा न केलेला विचार. त्यामुळे इथे हातोडी जरा उशिरानेच हातात येईल.

किती उंच, किती रुंद

पुढची साइट म्हणजे माशी, मागची खाचेची ती रिअर साइट. रिअर साइट ज्या दिशेला सरकवाल त्याच दिशेला गोळी सरकते. माशीचं नेमकं उलटं. उंचीलाही हेच लागू आहे. गोळ्या वर बसत असतील तर माशी उंच करायची किंवा रिअर साइट बुटकी, खाली बसत असतील तर याच्या उलट.

किती, ते अंदाजाने ठरवू नका. माशी आणि रिअर साइट यांच्यातलं अंतर मोजा. लक्ष्यावर गोळ्या जितक्या सरकल्या आहेत त्या आकड्याने त्याला गुणा आणि लक्ष्याच्या अंतराने भागा. तिन्ही मापं मिलिमीटरमध्ये. ग्लॉक १७ पिस्तुलावर दोन साइटमधलं अंतर १६५ मिलिमीटर आहे. २५ मीटरवर गोळ्या १० सेंटिमीटर खाली बसत असतील तर १६५ गुणिले १०० भागिले २५,०००, म्हणजे ०.६६ मिलिमीटर. ग्लॉकच्या रिअर साइट ६.१, ६.५, ६.९ आणि ७.३ मिलिमीटर अशा मिळतात. एक पायरी ०.४ मिलिमीटरची आणि २५ मीटरवर तिचा परिणाम साधारण ६ सेंटिमीटर. सध्या ६.५ ची असेल तर एका पायरीने गोळ्या ४ सेंटिमीटर खालीच राहतील. दोन पायऱ्या चढून ७.३ ची घेतली तर मध्याच्या २ सेंटिमीटर वर येतील. दुसरा पर्याय बरा.

मात्र हा हिशेब करण्याआधी आपण नेम कसा धरतो ते स्वतःशी पक्कं करा. कुणी माशीचा माथा लक्ष्याच्या मध्यावर ठेवतो, कुणी काळ्या वर्तुळाच्या खालच्या कडेला टेकवतो, कुणी माशीवरच्या ठिपक्यानेच मध्य झाकतो. एकाच पिस्तुलाला या तिन्ही सवयींसाठी वेगवेगळी उंची लागते. गोळीही महत्त्वाची. हातातल्या पिस्तुलात जड आणि मंद गोळी सहसा वर बसते, कारण ती नळीत जास्त वेळ राहते आणि तेवढ्या वेळात धक्क्याने नळी वर उचलली जाते. मोजणी करताना जी काडतुसं वापरली तीच पुढेही वापरणार असाल तरच आकडा खरा.

रुंदीबद्दल थोडक्यात. खाचेत माशीच्या दोन्ही बाजूंना उजेडाची फट दिसली पाहिजे. फट अरुंद असेल तर नेम बारकाईने लागतो पण वेळ खातो. रुंद असेल तर माशी पटकन सापडते. स्पर्धेसाठी २.९ मिलिमीटरची माशी आणि ३.८ मिलिमीटरची खाच ही जोडी बरीच चालते. चाळिशीनंतर ज्यांना माशीची कड धूसर दिसू लागते त्यांनी थोडी रुंद खाच जरूर वापरून पाहावी.

आपल्या पिस्तुलात साइट बसलीय कशी

बहुतेक पिस्तुलांत साइट डव्हटेलमध्ये बसते: स्लाइडमध्ये तिरक्या भिंतींची आडवी खाच आणि तिच्यात तशाच आकाराचा साइटचा पाया. या खाचेची रुंदी, खोली आणि कोन तिन्ही जुळावे लागतात. ६० आणि ६५ अंश असे दोन्ही कोन प्रचलित आहेत. रुंदी तीच पण कोन वेगळा असलेला पाया आत जातो खरा, पण फक्त कडांवर टेकतो आणि काही शे गोळ्यांत ढिला होतो. ‘बसेल की’ म्हणून घेऊ नका. मॉडेल आणि पिढी पाहूनच घ्या.

अपवाद आधीच माहीत असलेले बरे. ग्लॉकची माशी डव्हटेलमध्ये नसून खालून स्क्रूने धरलेली असते. सीझेड ७५ च्या माशीला आडवी पिन असते. पिन काढल्याशिवाय तिला हात लावायचा नाही. जुन्या १९११ मॉडेलच्या पिस्तुलावर माशीचा खुंट स्लाइडमधून आरपार घालून आतून ठोकून पसरवलेला असतो, त्याला खास अवजार लागतं; ते काम शस्त्र-कारागिराकडेच द्या. बेरेटा ९२ एफएसची माशी स्लाइडच्याच धातूतून घडवलेली आहे, ती बदलता येत नाही. रुगर जीपी १०० रिव्हॉल्व्हरवर नळीच्या तोंडाशी असलेलं छोटं बटण दाबलं की माशी हाताने निघते, हातोडीचा प्रश्नच नाही.

सगळ्यात जास्त लोकांना चकवतं ते स्मिथ अँड वेसनचं एम अँड पी पिस्तूल. त्याच्या रिअर साइटखाली स्ट्रायकर ब्लॉकची स्प्रिंग आणि तिच्यावरची छोटी टोपी दबलेली असते. साइट सरकली की दोन्ही उडतात. साइट निम्मी बाहेर आली की खाचेवर अंगठा ठेवा आणि सगळं काम उथळ ट्रेमध्ये किंवा स्वच्छ कापडावर करा. हा ब्लॉक म्हणजे पिस्तूल पडल्यावर गोळी सुटू नये म्हणून असलेली व्यवस्था आहे. स्प्रिंग हरवली असेल तर नवीन मिळेपर्यंत पिस्तूल जोडू नका.

पिस्तूल रिकामं करणं

मॅगझिन काढा, मग स्लाइड मागे ओढून अडकवा. हा क्रम उलटा झाला तर मॅगझिनमधली पुढची गोळी चेंबरमध्ये, म्हणजे नळीच्या मागच्या टोकाच्या कप्प्यात, जाते. चेंबर डोळ्यांनी पाहा आणि करंगळीने चाचपा. काडतुसं खोलीबाहेर ठेवा. मग स्लाइड फ्रेमवरून (मुठीच्या खालच्या भागावरून) उतरवा, नळी आणि रिकॉइल स्प्रिंग काढून घ्या. साइटचं काम नुसत्या स्लाइडवरच करायचं, जोडलेल्या पिस्तुलावर कधीच नाही.

जुनी साइट काढणं

आधी सेट स्क्रू शोधा. रिअर साइटच्या माथ्यावर किंवा तिच्या नेमाच्या खाचेच्या तळाशी बारीक षटकोनी छिद्र असतं, कधी रंगाने वा मळाने बुजलेलं. स्क्रू न सोडता साइट ठोकली तर त्याचं टोक डव्हटेलच्या खाचेचा तळ खरवडत जातं आणि मग तिथे कुठलीच साइट घट्ट बसत नाही. स्लाइड खराब होण्याचं हे पहिलं कारण आहे.

दुसरं कारण पकड. व्हाइसच्या जबड्यांना नायलॉन, लाकूड किंवा जाड चामडं लावा आणि स्लाइड खाली, भरीव भागात पकडा. काडतूस बाहेर पडतं त्या खिडकीपाशी भिंत पातळ असते. तिथे आवळलं तर स्लाइड आत दबते आणि फ्रेमवर अडखळू लागते.

साइट पुशर, म्हणजे स्क्रू फिरवून साइट बाजूला ढकलणारं अवजार, मिळत असेल तर तोच वापरा. स्लाइड त्यात काटकोनात बसली पाहिजे आणि ढकलणारा ठोकळा साइटच्या पायाला, म्हणजे शक्य तितका खाली टेकला पाहिजे. वर टेकला तर साइट खाचेत आडवी अडकते आणि जोर वाढवला की तिची मान मोडते. पुशरच्या स्क्रूला थेंबभर तेल द्या, पाव पाव फेरा फिरवा आणि दर वेळी साइट सरळ सरकतेय ना ते पाहा.

पुशर नसेल तर पितळी किंवा नायलॉनचा पंच आणि २०० ते २५० ग्रॅमची हातोडी चालते. वीस हलक्या टिचक्यांपेक्षा एक नेमका, भरीव घाव चांगला. टिचक्यांनी पंचाचं टोकच चेपतं, साइट जागची हलत नाही. पितळेचा पिवळा डाग उरला तर घाबरू नका, तो चोळून निघतो. खरा ओरखडा येतो तो पंच घसरल्यावर, म्हणून खाचेच्या दोन्ही बाजूंना स्लाइडवर मास्किंग टेपचे दोन थर लावा.

दिशा: मागून पाहताना साइट डावीकडून उजवीकडे काढायची आणि नवी उजवीकडून डावीकडे घालायची, हा जुना रिवाज. अनेक आधुनिक पिस्तुलांत खाच दोन्हीकडे सारखी असते, तरी उत्पादकाचं पुस्तक उघडून खात्री करा. निमुळत्या खाचेत चुकीच्या बाजूने ठोकणं म्हणजे साइट आणखी घट्ट करणं.

तरीही हलत नसेल तर भेदक तेल सोडून रात्रभर ठेवा. थ्रेडलॉकरने (स्क्रू ढिला होऊ नये म्हणून लावायच्या चिकट द्रवाने) चिकटलेली असेल तर उष्णता लागते. लाल थ्रेडलॉकर सुमारे २५० अंश सेल्सिअसशिवाय सुटत नाही. इतकी उष्णता फक्त साध्या पोलादी साइटला चालते. फायबर ऑप्टिक (साइटमधला चमकणारा प्लॅस्टिकचा धागा) वितळतं आणि अंधारात चकाकणाऱ्या ट्रिटियम वायूच्या नळीला तर उष्णता दाखवायचीच नाही.

नवी साइट बसवणं

खाच अल्कोहोलने पुसून कोरडी करा. पाया हाताने साधारण एक तृतीयांश आत जाऊन थांबला की माप बरोबर आहे. कडेलाच अडला तर घासायला हवं. अर्ध्याच्या पुढे सहज गेला तर तो सैल आहे.

घासायचं ते साइटला, स्लाइडला कधीही नाही. सपाट आरशावर ४०० नंबरचा एमरी पेपर पसरा आणि पायाचा तळ त्यावर सपाट घासा. तळ मार्करने आधी काळा केला तर कुठे घासलं जातंय ते दिसतं. चार-पाच हात मारा आणि लावून पाहा. तिरक्या बाजू शक्यतो सोडून द्या. तिथे हाताने कोन राखणं फार अवघड असतं. धातू सहज निघतो, पण परत लावता येत नाही, म्हणून या टप्प्यावर घाई नको. उघड्या पडलेल्या पोलादाला कोल्ड ब्लू (पोलाद काळसर करून गंजापासून वाचवणारं रसायन) लावा, नाहीतर खाचेच्या आत गंज धरतो.

सैल पायाचं काय? तळाखाली ०.०५ मिलिमीटरची पितळी पट्टी घालता येते, रिटेनिंग कंपाउंडही (फट भरून भाग घट्ट धरणारं चिकट द्रव) धरतं. पण हे तात्पुरते उपाय. योग्य मापाची साइट मागवणं हेच शहाणपणाचं.

ग्लॉकच्या माशीसाठी पातळ भिंतीचा ३/१६ इंची नट ड्रायव्हर लागतो. साधा पाना त्या अरुंद जागेत जात नाही. माशी वरून बसवा, मागून पाहून सरळ करा, कारण त्या छिद्रात ती किंचित वळू शकते. स्क्रूच्या टोकाला निळ्या थ्रेडलॉकरचा अगदी छोटा थेंब द्या. ड्रायव्हर मुठीत नाही, चिमटीत धरून आवळा. हा स्क्रू इतका बारीक आहे की मुठीच्या जोराने तुटतोच. मग नळी घालून स्लाइड पुढे-मागे करा. स्क्रूचं डोकं नळीला घासत असेल तर लगेच खूण उमटते. थ्रेडलॉकर प्लॅस्टिकच्या साइटला लावू नका, त्याने बारीक तडे जाऊ शकतात. पूर्ण पक्कं व्हायला २४ तास द्या.

ट्रिटियमच्या साइटला पंच नळीपासून दूर, फक्त पायावर टेकवा. ट्रिटियमचा अर्धायुकाल सुमारे १२.३ वर्षं आहे. जुनी जोडी स्वस्तात मिळत असेल तर तिच्यावरचं उत्पादनाचं वर्ष पाहा. बारा वर्षांनी निम्माच ट्रिटियम उरलेला असतो आणि चकाकणारा लेपही तोवर थकलेला असतो. नळी फुटलीच तर खिडक्या उघडा, खोलीबाहेर या आणि नंतर हात धुवा.

मध्य आणि मैदान

साइट मध्यावर आली का, ते डोळ्यांनी नाही, व्हर्निअर कॅलिपरने ठरवा: स्लाइडच्या डाव्या कडेपासून साइटपर्यंत आणि उजव्या कडेपासून साइटपर्यंत. १६५ मिलिमीटरच्या अंतरावर ०.१ मिलिमीटरची चूक २५ मीटरवर १५ मिलिमीटर होते, त्यामुळे फार ओढाताण करण्याचं कारण नाही. मग साइट आणि स्लाइड दोघांवर मिळून बारीक मार्करने एक उभी रेघ ओढा. सेट स्क्रू आता आवळू नका, शेवटी आवळा. पिस्तूल जोडून, अजून रिकामंच असताना, ट्रिगर आणि सेफ्टी तपासा. एम अँड पीमध्ये स्ट्रायकर ब्लॉक बोटाने दाबून तो परत उसळतो का ते स्लाइड जोडण्याआधीच पाहा.

मैदानावर ७ मीटरपासून सुरुवात करा, मग १५ आणि २५. हात टेकवून पाच-पाच गोळ्यांचे तीन गट मारा आणि तिन्हींचा मध्य धरा. उजव्या हाताच्या नेमबाजाचा गट डावीकडे खाली गेला की बहुतेक वेळा दोष साइटचा नसतो, ट्रिगरला दिलेल्या झटक्याचा असतो. साइट सरकवण्याआधी दुसऱ्या अनुभवी नेमबाजाला पाच गोळ्या मारू द्या. त्याचाही गट तिथेच आला तरच पुशर बाहेर काढा आणि वरच्याच सूत्राने किती सरकवायचं ते काढा. उत्तर मनासारखं आलं की सेट स्क्रू निळ्या थ्रेडलॉकरसह आवळा.

पुढच्या दोनशे गोळ्यांनंतर ती मार्करची रेघ पुन्हा पाहा. दोन तुकडे एका सरळीत नसतील तर साइट सरकली आहे. तेव्हा नुसती परत ठोकून बसवू नका, काढून पाया आणि खाच पुन्हा मोजा.