अधातू ओळखायचे कसे: स्वयंपाकघरापासून वर्णपटापर्यंत

शालेय पुस्तकांत अधातूंची ओळख बहुधा नकारानेच करून दिली जाते: चकाकी नाही, वर्धनीयता नाही, तन्यता नाही, नादमयता नाही, विजेचे वहन नाही. मुले ही यादी पाठ करतात आणि परीक्षेत लिहून येतात. परंतु प्रत्यक्षात प्रत्येक अधातू सापडला तो त्याने काहीतरी करून दाखवले म्हणून. कोणी अंधारात उजळला, कोणी निखारा फुलवला, कोणी जांभळी वाफ होऊन भांड्याबाहेर आला. म्हणून आठवी-नववीच्या मुलांना हा विषय शिकवताना आधी कृती करून घ्यावी, मग त्या मूलद्रव्याच्या शोधाची हकिकत सांगावी आणि गुणधर्मांचा तक्ता सर्वांत शेवटी मुलांकडूनच भरून घ्यावा, असे मी आग्रहाने सुचवतो.

साहित्य पुण्यात सहज जमते. ९ व्होल्टची बॅटरी, एलईडी, ४७० ओहमचा रोध आणि चिमटे लावलेल्या तारा बुधवार पेठेत पासोड्या विठोबाजवळच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानांत मिळतील, गंधकाचा खडा काष्ठौषधींच्या दुकानात मिळेल, तर हायड्रोजन पेरॉक्साइड आणि आयोडीनचे द्रावण कोणत्याही औषधाच्या दुकानातून घ्यावे. सर्व कृतींच्या वेळी मोठे माणूस शेजारी असलेच पाहिजे.

पहिली कृती विजेच्या वहनाची आहे. बॅटरी, रोध आणि एलईडी एकसरीत जोडून तारेची दोन टोके मोकळी ठेवावीत आणि त्या टोकांच्या मध्ये आलटून पालटून तांब्याची तार, गंधकाचा खडा आणि पेन्सिलीतून काढलेली कांडी धरावी. तांब्याने दिवा लागतो, गंधकाने लागत नाही आणि पेन्सिलीच्या कांडीने मात्र लागतो. त्यानंतर तिन्ही वस्तूंवर हलकेच हातोडी मारून पाहावी. तांबे चपटे होते. गंधकाचा आणि कांडीचा चुरा होतो. कांडी ग्रॅफाइटची, म्हणजे कार्बनची असते. ती वीज वाहते, तरीही ठोकल्यावर अधातूसारखी फुटते. एका गुणधर्मावरून मूलद्रव्याचा वर्ग ठरवता येत नाही, हे मुलांना इथे स्वतःच्या डोळ्यांनी दिसते. आपल्या ‘शिसपेन्सिल’ या शब्दात एक जुना गैरसमज टिकून राहिला आहे. ग्रॅफाइट हे शिशाचेच एक रूप असावे असे पूर्वी मानत. ते कार्बनचे रूप आहे, हे कार्ल शील या रसायनशास्त्रज्ञाने १७७९ मध्ये दाखवले. हिराही कार्बनच, हे स्मिथसन टेनंट यांनी १७९७ मध्ये हिरा जाळून सिद्ध केले. हिरा वीज वाहत नाही, पण उष्णता मात्र तांब्यापेक्षाही उत्तम वाहतो.

दुसरी कृती ऑक्सिजनची. उंच काचेच्या पेल्यात दोन बोटे उंचीइतके हायड्रोजन पेरॉक्साइड घ्यावे आणि त्यात कच्च्या बटाट्याचा कीस टाकावा. बटाट्यातील कॅटलेज या विकरामुळे पेरॉक्साइडचे विघटन होऊन पाणी आणि ऑक्सिजन तयार होतो व फेस वर चढू लागतो. मिनिटभर थांबून पेटवून विझवलेली, टोकाशी नुसता निखारा असलेली उदबत्ती पेल्यात सोडावी. ती फेसाला टेकू देऊ नये, नाहीतर भिजून विझते. निखारा एकदम तेजाळतो आणि कधीकधी ज्योतही धरतो. जोसेफ प्रिस्टली यांनी १ ऑगस्ट १७७४ रोजी भिंगाने सूर्यप्रकाश एकवटून पाऱ्याचे तांबडे भस्म तापवले, तेव्हा निघालेल्या वायूत मेणबत्ती अशीच जोमाने जळताना त्यांना दिसली होती. शील यांनी हा वायू त्यांच्याही आधी मिळवला होता, परंतु त्यांचे लेखन १७७७ मध्ये छापून आले. फ्रेंच रसायनशास्त्रज्ञ लाव्हाझिए यांनी त्याला ‘आम्ल निर्माण करणारा’ अशा अर्थाचे ग्रीक नाव दिले, कारण प्रत्येक आम्लात तो असतोच अशी त्यांची समजूत होती. ती चुकीची ठरली, कारण हायड्रोक्लोरिक आम्लात ऑक्सिजन नसतो. आपला ‘प्राणवायू’ हा शब्द त्या मानाने अधिक नेमका आहे.

आयोडीनची कृती सर्वांत सोपी आहे. भाताच्या पेजेत आयोडीनच्या द्रावणाचे दोन थेंब टाकले की ती काळीनिळी होते, कारण आयोडीन पिष्टमय पदार्थाच्या मळसूत्रासारख्या वळलेल्या रेणूत जाऊन बसते. त्यावर ‘क’ जीवनसत्त्वाची कुटलेली गोळी टाकून ढवळावे. रंग निघून जातो. आयोडीन कुठे गेलेले नसते, इलेक्ट्रॉन घेऊन त्याचे फक्त आयोडाइड झालेले असते, आणि अधातू इलेक्ट्रॉन स्वीकारतात या पुस्तकी वाक्याचा अर्थ इथे उलगडतो. १८११ मध्ये बर्नार कूर्त्वा हे फ्रान्समध्ये समुद्रशेवाळाच्या राखेपासून सोरा तयार करण्याच्या उद्योगात होते. राखेच्या अवशेषांत सल्फ्युरिक आम्ल जास्त पडले, जांभळी वाफ उठली आणि थंड जागी तिचे काळसर, चकाकणारे स्फटिक झाले. अधातूला चकाकी नसते या नियमाला आयोडीन अपवाद आहे, ही नोंद मुलांच्या तक्त्यात आलीच पाहिजे. ती वाफ विषारी असल्यामुळे हा प्रयोग घरी करू नये.

क्लोरीन आणि फॉस्फरस यांच्या केवळ हकिकती सांगाव्यात. हॅम्बुर्गच्या हेनिग ब्रँड यांनी १६६९ मध्ये सोन्याच्या शोधात मूत्र आटवले आणि त्यांना अंधारात उजळणारा फॉस्फरस मिळाला. क्लोरीन शील यांनी १७७४ मध्ये मिळवला. तो मूलद्रव्य आहे हे हम्फ्री डेव्ही यांनी १८१० मध्ये ठामपणे मांडले. संडास धुण्याचे आम्ल आणि ब्लीच एकत्र केल्यास हाच घातक वायू निघतो, म्हणून ती दोन्ही कधीही एकत्र करू नयेत, हे मुलांना स्पष्ट शब्दांत सांगावे.

शेवटच्या कृतीला वेळ द्यावा. बुटांच्या खोक्याच्या अरुंद बाजूला एक मिलिमीटरहून कमी रुंदीची आडवी फट ठेवावी, समोरच्या टोकाला जुनी सीडी चकचकीत बाजू फटीकडे करून तिरकी टेकवावी आणि सीडीच्या जवळ झाकणाला डोळा लावण्यापुरते भोक पाडावे. रंग दिसेपर्यंत सीडीचा कल थोडाथोडा बदलत राहावा. फट सूर्याकडे कधीही धरू नये. एलईडीच्या पांढऱ्या दिव्याकडे पाहिल्यास रंगांचा सलग पट्टा, म्हणजे वर्णपट, दिसतो. जुन्या एक्स्टेन्शन बोर्डावरच्या नारिंगी निऑन दिव्याकडे अंधाऱ्या खोलीत पाहिल्यास तांबड्या-नारिंगी भागात सुट्या रेषा दिसतात. प्रत्येक मूलद्रव्याच्या रेषा वेगळ्या असतात, आणि याच पुराव्याच्या आधारे विल्यम रॅम्झी आणि मॉरिस ट्रॅव्हर्स यांनी १८९८ मध्ये निऑन, क्रिप्टॉन आणि झेनॉन ओळखले.

हेलियमचा तर आधी प्रकाशच सापडला. १८ ऑगस्ट १८६८ च्या खग्रास सूर्यग्रहणात पिएर जानसेन यांनी गुंटूरहून सूर्याच्या ज्वालांचे वर्णपट पाहिले. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये नॉर्मन लॉकियर यांनी इंग्लंडमधून ग्रहणाविना त्या ज्वालांतील पिवळी रेषा पाहिली. ती कोणत्याही ज्ञात मूलद्रव्याशी जुळेना. नवे मूलद्रव्य धातू असेल या समजुतीने त्याच्या नावाला धातूंना लावतात तो ‘इयम’ प्रत्यय लागला आणि तो आजही तसाच आहे. पृथ्वीवर हेलियम मिळाला तो १८९५ मध्ये, रॅम्झी यांना, युरेनियमच्या एका खनिजातून.

हेलियमचा शोध विजयदुर्गावर लागला असे आपल्याकडे अनेकदा सांगितले जाते, ते बरोबर नाही. लॉकियर विजयदुर्गाला आले ते २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणासाठी, म्हणजे शोधानंतर जवळजवळ तीस वर्षांनी. त्याच ग्रहणाचे वर्णपट टिपण्यासाठी पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समधील प्राध्यापक कावसजी दादाभाई नायगमवाला यांनी जेऊर येथे तळ दिला होता. आजच्या सीओईपीच्या, म्हणजे पुण्याच्या जुन्या अभियांत्रिकी महाविद्यालयाच्या, आवारात तेव्हा महाराजा तख्तसिंहजी वेधशाळा होती. तिची दुर्बीण १९१२ मध्ये कोडाइकनालला गेली. मुलांना विजयदुर्गाची दंतकथा सांगण्याऐवजी हे सांगावे.

आता गॅसच्या निळ्या ज्योतीत ओल्या चमच्यावरून चिमूटभर मीठ धरावे आणि खोक्यातून पाहावे. सोडियमची ठळक पिवळी रेषा दिसेल; ती खरे तर ५८९.० आणि ५८९.६ नॅनोमीटरच्या दोन रेषांची जोडी आहे. हेलियमची रेषा ५८७.६ वर येते. आपल्या खोक्यात एवढा फरक दिसणार नाही, आणि ग्रहणाच्या वेळी काही निरीक्षकांनी ती रेषा सोडियमचीच मानली होती. सीडीच्या जागी डीव्हीडीचा तुकडा आणि आणखी अरुंद फट वापरून पाहावी; डीव्हीडीवरील वलये अधिक दाट असल्यामुळे रेषा अधिक फाकतात.