जुन्या तैलचित्राची आधी नक्कल करावी

ठाण्यात नौपाडा, चरई या भागांतील जुनी घरे पाडली जातात तेव्हा पणजोबांचे तैलचित्र नव्या सदनिकेत येते, आणि खाडीकाठच्या दमट पावसाळ्यात त्यावर बुरशीचे ठिपके दिसू लागतात. घरात कोणी चित्रकलेत रमणारे असेल तर त्याला स्वतःच कुंचला घेऊन ते ‘नवे’ करावेसे वाटते. तसे करू नये. आपली हौस नकलेवर भागवावी आणि मूळ चित्र तज्ज्ञाच्या हाती द्यावे.

प्रथम चित्र पावसाने ओल्या होणाऱ्या भिंतीवरून उतरवून, हवा खेळती असलेल्या कोरड्या खोलीत ठेवावे. बुरशी पुसू नये. ओला कपडा, साबण, कापलेला बटाटा आणि जवसाचे तेल पूर्णपणे वर्ज्य समजावे; पाणी तड्यांतून कॅनव्हासच्या अस्तरापर्यंत पोहोचले की ते फुगते आणि रंगाचे पापुद्रे सुटतात, तर तेलाने काही दिवस चकाकी आली तरी पुढे ते पिवळे पडते व काढणे अवघड होते.

मग दिवसाच्या उजेडात एक छायाचित्र घ्यावे आणि दुसरे अंधारात, बाजूने तिरपा प्रकाश टाकून. या दुसऱ्यात रंगाची जाडी आणि उचललेले पापुद्रे स्पष्ट दिसतात. नकलेत आकार नेमके उतरावेत म्हणून चौकोन आखायचे ते छापलेल्या छायाचित्रावरच. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात नकलेचा आकार मूळ चित्राहून वेगळा ठेवावा लागतो. घरीही तो नियम पाळावा, म्हणजे पुढच्या पिढीची फसगत होणार नाही. खालचा थर टर्पेंटाइन घालून पातळ द्यावा आणि वरच्या प्रत्येक थरात तेलाचे प्रमाण वाढवत न्यावे. क्रम उलटला तर वरचा थर आधी कडक होतो, खालचा नंतर वाळत राहतो आणि तडे जातात. जुन्या चित्राचा तपकिरी-पिवळा रंग बहुधा वार्निशचा असतो, त्यामुळे तो नकलेत उतरवू नये असे माझे ठाम मत आहे.

नकलकारानेही मूळ चित्रावर काही लावू नये. १८७२ पासून मुंबईच्या जे. जे. कलाशाळेतील शिक्षक जॉन ग्रिफिथ्स आणि तेथील विद्यार्थ्यांनी अजिंठ्याच्या भित्तिचित्रांच्या अतिशय मोलाच्या नकला केल्या. परंतु त्या शतकात चित्रे उजळ दिसावीत म्हणून भिंतींवर लावलेले वार्निश पुढे पिवळे पडले आणि ते काढण्यासाठी संवर्धकांना, म्हणजे जुन्या कलाकृती जपणाऱ्या तज्ज्ञांना, कष्ट घ्यावे लागले.

मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज वास्तुसंग्रहालयाचे कलासंवर्धन केंद्र आहे; तेथे किंवा अन्य प्रशिक्षित संवर्धकाकडे चौकशी करताना दोन गोष्टी विचाराव्यात. नवा रंग फक्त उडालेल्या जागेपुरताच लावणार का, आणि तो पुढे मूळ रंगाला धक्का न लावता काढता येईल का? दोन्हींचे उत्तर ‘हो’ नसेल तर चित्र परत आणावे. नकलेच्या मागे ‘नक्कल’ हा शब्द, आपले नाव आणि वर्ष न पुसणाऱ्या शाईने लिहावे.