रंगवलेले केस धुताना: पहिल्या पाण्यापासून पुढच्या टचअपपर्यंत

डाय लावला, केस काळेभोर दिसले आणि तिसऱ्या आठवड्यात कानशिलापाशी तांबूसपणा डोकावायला लागला, की आपण डायच्या पाकिटाला नावं ठेवतो. बहुतेक वेळा कारण बाथरूममध्ये असतं: गिझरचं कढत पाणी, दर दिवसाआड डोक्यावरून आंघोळ, टाळूऐवजी केसांच्या टोकांना चोळलेला शांपू.

कायमस्वरूपी डायमध्ये अमोनियासारखा अल्कली केस फुगवतो आणि वरचे खवले उघडतो. आत शिरलेले रंगाचे बारीक, बिनरंगी कण हायड्रोजन पेरॉक्साइडमुळे एकमेकांना जोडले जातात आणि मोठे होऊन तिथेच अडकतात. जे कण नीट जोडले गेले नाहीत किंवा पृष्ठभागाजवळ राहिले, ते पुढच्या धुण्यांत बाहेर पडतात. केस ओला झाला की पुन्हा थोडा फुगतो, म्हणून नुसत्या पाण्यानेही रंग उतरतो. 'सल्फेट फ्री', म्हणजे तीव्र फेसकारक नसलेल्या शांपूच्या बाटलीवर महिन्याला सात-आठशे रुपये घालवून रोज दहा मिनिटं गरम शॉवरखाली उभं राहण्यात काही अर्थ नाही. आधी धुण्याची संख्या, वेळ आणि पाण्याची उष्णता कमी करा. शांपूची निवड त्यानंतर.

'अमोनिया फ्री' डायलाही हेच लागू. त्यात बहुधा अमोनियाच्या जागी इथेनॉलअमाइन असतं. त्याला वास कमी येतो इतकंच, केस तेही फुगवतं.

डाय उतरवताना

वेळ पूर्ण झाली की लगेच शॉवर सोडू नका. हातमोजे तसेच ठेवून दोन-तीन ओंजळी कोमट पाणी डोक्यावर घ्या आणि बोटांच्या पेरांनी मिनिटभर हलकं चोळा. कपाळाची कड, कानामागचा भाग आणि मानेवर जास्त लक्ष द्या. सुकत आलेला डाय पुन्हा सैल होतो आणि कपाळावरचे डागही बरेचसे त्यातच निघतात. मग डोकं मागे झुकवून, म्हणजे पाणी डोळ्यांत जाणार नाही असं, कोमट पाण्याने धुवा. मनगटाच्या आतल्या बाजूला पाणी ऊन लागलं नाही म्हणजे ते कोमट समजा.

पाणी स्वच्छ आलं का हे फरशीकडे बघून कळत नाही. केसांतून निथळणारं पाणी पांढऱ्या मगमध्ये झेलून बघा. साधारण तीन ते पाच मिनिटं लागतात, दाट केसांना जास्त. रंग वाचावा म्हणून इथे घाई करू नका. टाळूवर राहिलेला डाय रात्री खाजतो आणि उशीचा अभ्रा खराब करतो.

त्याच दिवशी शांपू करायचा की नाही, हे पाकिटावरच्या सूचनेप्रमाणे ठरवा. पावडर डायच्या पुडीवर बहुधा शांपू करा असं असतं, कारण पावडरीचे कण नुसत्या पाण्याने निघत नाहीत. तसं असेल तर एकदाच, थोडा शांपू घेऊन हलक्या हाताने करा. क्रीम कलरच्या डब्यात बऱ्याचदा फक्त कंडिशनरची ट्यूब येते. तिथे शांपू टाळा. कंडिशनर मात्र दोन्हीकडे हवाच. डायनंतर केस अल्कधर्मी राहतात, कंडिशनर किंचित आम्लधर्मी असतो, त्याने खवले बसतात. कानाच्या रेषेपासून टोकांपर्यंत लावा, दोन-तीन मिनिटं ठेवा, धुवा. ट्यूब आली नसेल तर घरातला कोणताही साधा कंडिशनर चालेल.

जुना, गडद रंगाचा टॉवेल किंवा सुती टी-शर्ट घ्या आणि केस दाबून टिपा. रगडू नका, झटकू नका.

पहिले 48 ते 72 तास

या काळात डोक्यावरून आंघोळ नाही, तेल नाही, स्ट्रेटनर नाही. व्यायामाचा घाम आलाच तर पंख्याखाली केस वाळवा आणि कपाळाची कड ओल्या कपड्याने पुसा. नुकत्याच लावलेल्या डायचा थोडा रंग घामाबरोबर उतरतो, त्यामुळे दुचाकीवर हेल्मेटच्या आत सुती रुमाल बांधा. पांढरा शर्ट त्या दोन दिवशी नको.

खाज, टाळूची आग, पापण्या किंवा कपाळ सुजणं हे या काळात दिसलं तर ते 'डाय तीव्र होता' म्हणून सोडून देऊ नका. काळ्या आणि गडद तपकिरी डायमधल्या पीपीडी या रसायनाची ॲलर्जी वर्षानुवर्षं डाय लावणाऱ्यालाही अचानक होते, आणि लक्षणं दुसऱ्या-तिसऱ्या दिवशीही येऊ शकतात. टाळूवर डाय राहिला असेल तर साध्या शांपूने भरपूर पाण्यात धुवून टाका आणि त्वचारोगतज्ज्ञांना दाखवा. चेहरा सुजत असेल किंवा श्वास जड वाटत असेल तर थेट दवाखाना गाठा. अशा माणसाने दुसऱ्या ब्रँडचा काळा डायही लावून बघू नये. बाजारातल्या 'काळी मेंदी' नावाच्या पुड्यांतही बऱ्याचदा पीपीडी असतं. म्हणून दर वेळी डाय लावण्याच्या 48 तास आधी कोपराच्या आतल्या बाजूला किंवा कानामागे चाचणी करायची, डाय जुना ओळखीचा असला तरी.

नेहमीचं धुणं

आठवड्यातून दोनदा पुरे. आधी केस कोरडे असतानाच गुंता काढा. ओल्या, फुगलेल्या केसावर कंगवा ओढला तर रंगवलेला केस लवकर तुटतो.

खांद्यापर्यंतच्या केसांना एक छोटा चमचा, म्हणजे सुमारे 5 मिली शांपू बास. तो अर्धा कप पाण्यात मिसळून टाळूवर ओता आणि फक्त टाळू चोळा. टोकांना वेगळा शांपू लावायचा नाही. फेस खाली वाहत जातो, तेवढ्यात टोकं स्वच्छ होतात. टोकं ही केसाचा सर्वांत जुना, अनेकदा डाय झालेला भाग. तिथले खवले आधीच झिजलेले असतात, त्यामुळे रंग तिथूनच आधी जातो. फेस डोक्यावर ठेवून इतर कामं करत बसू नका. मिनिटभर चोळा आणि धुवा. मग कंडिशनर. शेवटचा तांब्या साध्या, न तापवलेल्या पाण्याचा घ्या.

शांपूबद्दल एवढं पाहा: 'क्लॅरिफाइंग', 'डीप क्लीन' असं लिहिलेला नको. कोंड्याचे औषधी शांपू, विशेषतः सेलेनियम सल्फाइड आणि कीटोकोनाझोल असलेले, रंगवलेल्या केसांचा रंग बदलू शकतात. कोंडा असेल तर आधी तो आटोक्यात आणा, मग डाय लावा. शिकेकाई काळ्या डायला चालते, पण पूड थेट चोळू नका, तिचे कण खरवडतात. उकळून, गाळून पाणी वापरा. सोनेरी हायलाइट्सवर शिकेकाई नकोच, ते मळकट दिसतात. नुसता रिठा केस फार कोरडे करतो. अंगाच्या साबणाने डोकं धुणं तर पूर्ण बंद, कारण तो अल्कधर्मी असतो. बारीक केस ठेवणारे पुरुष रोज तोच साबण डोक्यावर आणि मिशीवर फिरवतात, आणि मग डाय पंधरा दिवसही टिकत नाही अशी तक्रार करतात!

बोअरचं पाणी

महाराष्ट्रात अनेक ठिकाणी टँकर नाहीतर बोअरचं पाणी असतं, आणि रंगवलेल्या केसांचे सर्वांत जास्त हाल तेच करतं. नळाच्या तोंडावर पांढरे थर बसत असतील, फेस लवकर होत नसेल, बादलीच्या कडेला पांढरी रेघ राहत असेल तर पाणी जड आहे. त्यातले कॅल्शियम-मॅग्नेशियमचे क्षार केसांवर बसतात. काळा रंग राखाडी-निस्तेज दिसतो, हात लावला तर केस खरखरीत लागतात. लोहाचं प्रमाण जास्त असेल तर फिकट शेड तांबूस होते. अशा वेळी लोक म्हणतात रंग गेला. खरं तर तो आहे, वर थर बसलाय.

उपाय सोपा आहे. पूर्ण आंघोळ हव्या त्या पाण्याने करा, पण केसांवरून शेवटचं एक-दीड लिटर पाणी आरओचं किंवा उकळून, गार करून, गाळ खाली बसू दिलेलं घ्या. उकळल्याने क्षारांचा एक भाग खाली बसतो, सगळे जात नाहीत. आरओ अधिक चांगलं. दोन आठवड्यांतून एकदा एक लिटर पाण्यात दोन छोटे चमचे, म्हणजे 10 मिली साधं व्हिनेगर मिसळून कंडिशनरनंतर ओता आणि मिनिटभराने धुवा. टाळूवर ओरखडे असतील तर नको. व्हिनेगर नाही म्हणून लिंबू पिळून उन्हात बसू नका, लिंबू आणि ऊन मिळून केस फिकट करतात.

थर फारच बसला असेल तर क्षार काढणारा चिलेटिंग शांपू मिळतो. तो रंगही थोडा नेतो, म्हणून पुढच्या डायच्या एक-दोन दिवस आधी वापरा. त्या दिवशी केस स्वच्छ मिळतात आणि नवा डाय सगळीकडे सारखा बसतो.

तेल

तेल सोडायची गरज नाही, वेळ आणि प्रमाण बदला. पहिला आठवडा जाऊ द्या. मग धुण्याच्या एक-दोन तास आधी एक छोटा चमचा खोबरेल हातावर चोळून केसांच्या लांबीवर लावा. खोबरेल केसात शिरतं आणि धुताना होणारी प्रथिनांची झीज कमी करतं. रात्रभर डोकं थबथबीत ठेवलं तर ते काढायला दोनदा शांपू लागतो आणि रंग त्या दुसऱ्या शांपूबरोबर जातो. एरंडेलाचं तर विचारूच नका, इतकं चिकट असतं. निळा, गुलाबी, जांभळा असा फॅशन कलर असेल तर तेल अगदी कमी वापरा. ते रंग पेरॉक्साइडविना नुसते बसवलेले असतात आणि तेलातही उतरतात.

दिवाळीसाठी डाय लावायचा असेल तर आठवडाभर आधी लावा. धनत्रयोदशीला लावलेल्या डायवर नरक चतुर्दशीच्या पहाटे कोमट तेल, उटणं आणि कढत पाणी पडतं. एकाच आंघोळीत इतकं झाल्यावर रंग टिकणार कसा?

मेंदी आणि नीळ

इथे नियम वेगळे. शुद्ध मेंदी केसातल्या केराटिनला धरते आणि तिचा रंग हवेत हळूहळू गडद होतो. धुतल्यावर पांढरे केस भडक केशरी दिसले तर घाबरून लगेच वर डाय लावू नका. दोन-तीन दिवसांत ते लालसर तपकिरी होतात. पहिल्या दिवशी फक्त पाणी. चिखल निघत नसेल तर मूठभर साधा कंडिशनर चोळा, कण सुटून येतात. शांपू 48 तासांनी.

मेंदीवर नीळ, म्हणजे इंडिगो लावली असेल तर दोन दिवस तेलही नको, शांपूही नको. सुरुवातीला केस हिरवट काळे दिसतात, मग काळेपणा चढतो. निळीला लिंबू वा व्हिनेगर नको. नीळ मेंदीपेक्षा लवकर उतरते, म्हणून महिन्याभरात केस तपकिरी-लालसर होणं अपेक्षितच आहे. 'हर्बल' पुडीतल्या पावडरीत धातूचे क्षार असू शकतात आणि त्यावर पेरॉक्साइडचा डाय लावला तर केस तापून जळतात. आधीची पूड कोणती होती हे पार्लरमध्ये सांगा आणि गळलेल्या चार केसांवर चाचणी करून घ्या.

हायलाइट्स, पोहणं, ऊन

ब्लीच करून काढलेले हायलाइट्स पिवळट व्हायला लागले की जांभळा शांपू आठवड्यातून एकदा, दोन-तीन मिनिटं. जास्त ठेवलात तर पिवळ्याऐवजी करडी-जांभळी झाक येते, ती दोन-तीन साध्या धुण्यांत जाते. लाल आणि बरगंडी शेड सर्वांत आधी फिकट होतात. ही शेड निवडतानाच दर तीन-चार आठवड्यांनी रंग ताजा करावा लागेल हे धरून चाला.

पोहायला जाताना केस आधी साध्या पाण्याने भिजवा, थोडा कंडिशनर चोपडा, वर टोपी. भिजलेला केस तलावाचं पाणी कमी शोषतो. ब्लीच केलेले केस तलावात हिरवे झाले तर दोष पाण्यातल्या तांब्याचा, क्लोरीनचा नव्हे. तिथे चिलेटिंग शांपू लागतो. रंगपंचमीला ब्लीच केलेले केस पक्के रंग धरून बसतात, त्यामुळे आदल्या रात्रीच तेल लावून घट्ट वेणी घाला आणि वर रुमाल बांधा. त्या दिवसापुरतं थबथबीत तेल माफ.

स्ट्रेटनर वापरायचाच तर पूर्ण कोरड्या केसांवर, उष्णतेपासून वाचवणारा हीट प्रोटेक्टंट लावून, 180 अंशांच्या खाली. ब्लीच केलेल्यांवर आणखी कमी.

पुढचा टचअप

केस महिन्याला साधारण एक सेंटिमीटर वाढतात, म्हणून भांगात पांढरी रेघ चार-पाच आठवड्यांनी दिसतेच. डाय फक्त त्या नव्या मुळांवर लावा. दर वेळी डाय टोकांपर्यंत ओढला तर मुळाशी तपकिरी, मध्ये काळा आणि टोकाला कोळशासारखा असे पट्टे पडतात, आणि ते काढायचे तर कात्री किंवा ब्लीच. टोकं फिकट वाटली तर शेवटची पाच मिनिटंच त्यांना डाय दाखवा. एरवी टोकांना कंडिशनर लावून ठेवला तर उतरताना वाहून येणारा डाय तिथे बसत नाही.

डाय लावायच्या दिवशी केस धुवू नका. एक-दोन दिवसांपूर्वी धुतलेल्या टाळूवरचं नैसर्गिक तेल जळजळ कमी करतं. कपाळाच्या कडेला आणि कानांवर पेट्रोलियम जेलीचं बोट फिरवा, पण केसांना लागू देऊ नका, तिथे रंग बसत नाही. उरलेलं मिश्रण बाटलीत झाकून ठेवू नका: पेरॉक्साइडमधून वायू निघत राहतो, बाटली फुगून फुटते, आणि तो डाय दुसऱ्या दिवशी कामाचाही नसतो.