अपघाताच्या दिवशीच समोरच्या गाडीचा विमा पाहून ठेवा

घरचं माणूस रस्त्यावर अपघातात गेलं की बाराव्यापर्यंत कुणाला कागद सुचत नाहीत. मग नुकसानभरपाई कुठल्या विमा कंपनीकडे मागायची, इथंच गाडं अडतं. हे काम शेजाऱ्यानं किंवा पुतण्या-भाच्यानं अंगावर घ्यावं.

१. धडकलेल्या गाडीचा नंबर सरकारच्या एमपरिवहन ॲपमध्ये टाका. विम्याची माहिती दिसली की लगेच स्क्रीनशॉट काढा. मालकानं पुढं पॉलिसी नवी केली की तिथं नवीच मुदत दिसते, आणि आपल्याला हवी असते अपघाताच्या दिवशीची. गाडी रेंट-अ-बाइकची, म्हणजे भाड्यानं दिलेली (काळी पाटी, पिवळी अक्षरं) असेल तर हे हटकून कराच. पर्यटक आपल्या गावी निघून जातो, मालक आणि विमा मागं राहतात.

२. ॲपवर सापडलं नाही तर पोलीस स्टेशनात मोटार वाहन कायद्याच्या कलम १६० खाली लेखी अर्ज द्या. वाहनाचा तपशील देणं त्यांच्यावर बंधनकारक आहे. पोच घ्या.

३. नुकसानभरपाईचा दावा अपघातापासून ६ महिन्यांच्या आत मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात लावा. अपघात गोव्यात कोलवाळला आणि घर सावंतवाडीला असेल तर तो सिंधुदुर्गातही लावता येतो. दर तारखेला गोव्यात खेपा नकोत.

तोवर ‘पूर्ण व अंतिम’ (म्हणजे आता आणखी काही मागणार नाही) असं लिहिलेल्या कुठल्याही पावतीवर सही करू नका, मालक कितीही ओळखीचा असो.