दोलकाची वीस दोलनं: आयाम, दोलनकाल, वारंवारता

या तीन व्याख्या पाठ करत बसू नका, दाराच्या चौकटीला दोलक टांगून मोजा.

दोलक म्हणून गवंड्याचा ओळंबा घ्या, तो हार्डवेअरच्या कुठल्याही दुकानात मिळतो. तो आडवा धरून पट्टीच्या धारेवर तोला आणि तोल साधेल तिथे खडूची रेघ मारा. लांबी मोजायची ती टांगलेल्या जागेपासून या रेघेपर्यंत, खालच्या टोकापर्यंत नाही. दोरा सुती घ्या, ताणणारा नको. खिळ्याला नुसता बांधलात तर गाठ खिळ्याभोवती सरकते आणि झुलता झुलता लांबी बदलते. म्हणून दोन सपाट लाकडी पट्ट्यांत दोरा चिमटून त्या चौकटीच्या वरच्या लाकडाला स्क्रूने आवळा. लांबी मोजायला पट्ट्यांच्या खालच्या कडेपासून सुरुवात करा. ती बरोबर १ मीटर ठेवा.

पंखा बंद. ओळंबा १० सेंमी बाजूला ओढा, धक्का न देता सोडा. हे १० सेंमी म्हणजे आयाम: मधल्या जागेपासून एका टोकापर्यंत. या टोकापासून त्या टोकापर्यंत २० सेंमी होतात, तो आयाम नव्हे. ओळंबा गोल गोल फिरायला लागला तर थांबवून पुन्हा सोडा.

खरी गडबड मोजण्यात होते. मधल्या जागेमागे भिंतीवर खूण करा. ओळंबा तिथून डावीकडून उजवीकडे जाताना 'शून्य' म्हणून स्टॉपवॉच सुरू करा. पुन्हा त्याच दिशेने गेला की 'एक'. टोकाला मोजू नका, तिथे तो रेंगाळतो आणि नेमका क्षण सापडत नाही. वीस दोलनांना साधारण ४०.२ सेकंद लागतील. म्हणजे दोलनकाल, एका दोलनाचा वेळ, २.०१ सेकंद; वारंवारता, एका सेकंदातली दोलनं, सुमारे ०.५ हर्ट्झ. एकच दोलन मोजलं तर बोटाची ०.२ सेकंदाची चूकही १० टक्के होते. वीस मोजल्यावर तीच अर्ध्या टक्क्यावर येते.

आता आयाम ५ सेंमी करा. वेळ तीच येईल, आणि हे स्वतःच्या घड्याळात पाहण्यासारखं आहे. ५० सेंमी ओढलंत तर मात्र वीस दोलनांना अर्ध्या सेकंदाहून जास्त उशीर होतो, कारण तेव्हा दोरा ३० अंश कलतो आणि गती सरल आवर्ती राहत नाही, म्हणजे मध्याकडे खेचणारं बल अंतराच्या प्रमाणात राहत नाही. लांबी २५ सेंमी केली की दोलनकाल निम्मा, वारंवारता दुप्पट.

मिरजेच्या तंबोऱ्यातही हेच ऐकू येतं. तार जोरात छेडली तर आयाम वाढून आवाज मोठा होतो, सूर तोच राहतो. खर्जाच्या, म्हणजे सर्वांत खालच्या सुराच्या, तारेची वारंवारता जोडाच्या, म्हणजे मधल्या दोन तारांच्या, निम्मी.

शेवटी मीटरमधल्या लांबीला ३९.४८ ने गुणून दोलनकालाच्या वर्गाने भागा. सांगली-साताऱ्याकडे गुरुत्वीय त्वरण (पडणाऱ्या वस्तूचा वेग दर सेकंदाला किती वाढतो ते) ९.७८ मीटर प्रति सेकंद वर्गाच्या आसपास यायला हवं. १०.८ आलं तर तुम्ही 'शून्य'ऐवजी 'एक'पासून मोजलंत. ३९ आलं तर अर्धं दोलन पूर्ण धरलंत.